गाव टिकणार का, हा प्रश्न आधी बाजूला ठेवा

दर पावसाळ्यात हा वाद नव्याने पेटतो. कुठेतरी दरड कोसळते, किंवा एखाद्या बाळंतिणीला झोळीत घालून चार माणसं डोंगर उतरतायत असा व्हिडिओ फिरतो, आणि मग दोन-चार दिवस सगळे त्यावर बोलतात. एका बाजूचं म्हणणं असतं की दहा-पंधरा घरांसाठी डोंगरात रस्ता नेणं म्हणजे पैशाची नासाडी, त्या लोकांना खाली आणून वसवा आणि विषय संपवा. दुसरी बाजू म्हणते गावं वाचलीच पाहिजेत, तीच आपली संस्कृती, तिथेच आपली मुळं. बरीच वर्षं हे ऐकतोय आणि मला वाटतं दोन्ही बाजूंनी वाद चुकीच्या टोकाला धरलाय. दोघंही भांडतात ते गाव टिकावं की जावं यावर. आज त्या गावात कोण राहतंय, त्याला रेशन कसं मिळतं, रात्री ताप भरला तर तो कुठे जातो, हे त्या भांडणात येतच नाही. माझं म्हणणं असं आहे की डोंगरातलं एखादं गाव पुढच्या वीस वर्षांत रिकामं व्हायचं असेल तर होईल, ते अडवणं कुणाच्या हातात असेलच असं नाही, पण तिथे शेवटचं घर उघडं आहे तोवर त्या घराला दवाखाना, रेशन, शाळा, गाडी मिळणं हा त्या माणसांचा हक्क आहे आणि तो डोकी मोजून ठरवता येणार नाही. आणि दुसरी गोष्ट, ही गावं आपोआप रिकामी होतायत असं जे आपण सहज म्हणतो ते अर्धंच खरंय, उरलेलं अर्धं आपणच करतोय.

मी बोलतोय ते साताऱ्यातल्या कोयनेच्या बॅकवॉटरकडच्या गावांबद्दल, म्हणजे जावळी, पाटण आणि महाबळेश्वर तालुक्यांचा तो पलीकडचा डोंगरभाग. १९६० च्या दशकात धरण झालं, त्याचा शिवसागर जलाशय भरला, खोऱ्यातली चांगली जमीन आणि शंभरच्या आसपास गावं पाण्याखाली गेली. बरेच लोक सोलापूर, सांगली, ठाणे, रायगडकडे हलवले गेले, काही मात्र गेलेच नाहीत, वर डोंगरात सरकून राहिले. १९८५ ला आजूबाजूच्या जंगलाचं अभयारण्य झालं, २०१० ला सह्याद्री व्याघ्र प्रकल्प आला. म्हणजे एकाच घराच्या तीन पिढ्यांना तीन वेगवेगळ्या खात्यांनी येऊन सांगितलं की तुमच्या जमिनीचे, तुमच्या रानाचे नियम आजपासून बदलले. या भागातले पुरुष तर कधीपासूनच मुंबईत, आधी गिरण्या आणि गोद्या, मग माथाडी, मशीद बंदरला आणि पुढे वाशीच्या मार्केटात. १९६९ चा माथाडी कायदा झाला तो ज्यांच्या पाठीवरच्या ओझ्यामुळे, त्यांतली कितीतरी माणसं याच जावळी-पाटणची.

मग गावात राहिलंय कोण? बहुतेक उघड्या घरांत साठीच्या पुढची एक-दोन माणसं, त्यात बायकाच जास्त. सकाळी पाणी, मग गुरं असली तर त्यांचं, मग खाचरात होईल तेवढं. भात लावतात, थोडी नाचणी, थोडी वरी. वरच्या अंगाची शेतं पडीक पडलीयत कारण रात्री गवे आणि रानडुकरं येतात, दिवसा माकडं, आणि राखणीला बसायला घरात माणूस नाही. माझ्या ओळखीच्या एक आजी आहेत, सत्तरी ओलांडलेल्या, त्यांचं रेशनचं सांगतो. दुकान दुसऱ्या गावात, त्यासाठी डोंगर उतरायचा. मशीनवर अंगठा लावायचा तर जन्मभर शेण काढून, भांडी घासून, कापणी करून बोटांवरच्या रेषाच झिजल्यात, अंगठा उठत नाही. मग दुसरं बोट, तिसरं बोट, ओल्या फडक्याने पुसून परत अंगठा. उठलाच तर नेटवर्क नाही. दुकानदार माणूस चांगला, मशीन हातात घेऊन बाहेर आंब्याखाली जाऊन उभा राहतो, तिथे एखादी दांडी येते कधीकधी. नाही आली तर आजी रिकामी पिशवी काखेत मारून परत वर, आणि दोन दिवसांनी पुन्हा खाली. एकदा वैतागून म्हणाल्या, "अंगठा उठंना म्हंजी मी मेले का रं?" त्यांच्या या प्रश्नाचं उत्तर "गावं वाचवा"वाल्यांकडे नाही आणि "खाली आणा"वाल्यांकडेही नाही, कारण दोघांच्याही वादात आजी कुठेच नाहीत, फक्त गाव आहे.

आता आपोआप रिकामं होण्याबद्दल. पूर्वी अशा गावांना मुक्कामी एसटी असायची. संध्याकाळी येणार, रात्री देवळाजवळ उभी राहणार, ड्रायव्हर-कंडक्टरला कुणाच्या तरी घरून भाकरी-कालवण जाणार, पहाटे गाडी परत तालुक्याला. त्या गाडीतून औषधं यायची, तलाठ्याकडचे कागद यायचे, मुंबईहून पाठवलेलं गाठोडं यायचं, आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे पोरं हायस्कुलाला जाऊन संध्याकाळी घरी यायची. २०२१-२२ च्या एसटी संपानंतर कितीतरी ठिकाणच्या अशा फेऱ्या पुन्हा सुरू झाल्याच नाहीत. गाडी नाही म्हटल्यावर ज्याला पोरं शिकवायचीत तो काय करणार? आणि शाळेचं तर धोरणच तसं. डिसेंबर २०१७ मध्ये दहापेक्षा कमी पटाच्या १,३१४ शाळा बंद करायचा निर्णय झाला, मग २०२३ ला समूह शाळांची, म्हणजे आजूबाजूच्या छोट्या शाळा मिळून एकच मोठी शाळा करायची योजना आली आणि वीस किंवा त्याहून कमी पटाच्या १४ हजारांहून जास्त शाळा त्या चर्चेत ओढल्या गेल्या. शाळा गेली की आई पोरांना घेऊन तालुक्याच्या गावी खोली करून राहते, बाप मुंबईत असतोच, म्हातारा-म्हातारी वर. एका घराच्या तीन चुली होतात, तीन ठिकाणचा खर्च होतो, आणि सरकारी कागदावर मात्र एवढंच उमटतं की अमुक गावची लोकसंख्या घटली. मग लोकसंख्या घटली म्हणून प्रवासी नाहीत, प्रवासी नाहीत म्हणून गाडी परवडत नाही, माणसं कमी म्हणून नर्सबाई महिन्यातून एकदा. या प्रत्येक पायरीवर कुणीतरी एक सही केलेली असते. एवढ्या सह्या झाल्यावर लोक स्वखुशीने गेले असं म्हणायचं का?

आता खर्चाचा मुद्दा, कारण समोरच्यांचा सगळ्यात दणकट मुद्दा तोच आहे आणि तो मी उडवून लावणार नाही. डोंगरात रस्ता काढणं महाग असतं, दर पावसाळ्यात तो वाहून जातो, परत करावा लागतो. तेवढ्याच पैशात खाली सपाटीला कितीतरी जास्त लोकांची सोय होईल. गरीब देशाने हिशेब करायचाच नाही का? करायचा. पंतप्रधान ग्रामसडक योजना २००० साली आली तेव्हा तिने हिशेब केलाच होता, रस्ता मिळायला सपाटीला ५०० लोकवस्ती लागणार आणि डोंगरी, आदिवासी भागात २५०. आरोग्य उपकेंद्राचंही तसंच, सपाटीला ५,००० लोकांमागे एक, डोंगरात ३,००० मागे. म्हणजे डोंगरातल्या माणसाला वेगळा नियम लागतो हे सरकारने कधीच मान्य केलंय, भांडण राहतं ते कसला नियम यावर. आणि इथेच चूक झालीय. तो अजूनही डोकीच मोजतो, फक्त कमी मोजतो. सपाटीवर ३,००० माणसं दोन-तीन किलोमीटरच्या आत सापडतात. आमच्याकडे ३,००० माणसं गोळा करायला कितीतरी वाड्या, मधे दोन ओढे, एक खिंड आणि धरणाचं पाणी लागतं. दुखणं अंगावर आल्यावर दारापासून नर्सपर्यंत किती तास लागतात, हे मोजायला पाहिजे होतं, ते कुणी मोजलंच नाही.

बरं, एका माणसासाठी सरकार डोंगर चढू शकत नाही असं आहे का? निवडणुकीच्या वेळी काय होतं ते बघा. गुजरातेत गीरच्या जंगलात बाणेजला एका मतदारासाठी मतदान केंद्र लागत आलंय. अरुणाचलच्या अंजाव जिल्ह्यात मालोगाम म्हणून ठिकाण आहे, तिथे २०१९ ला आणि २०२४ ला एका बाईच्या एका मतासाठी मतदान पथक जंगलातून पायपीट करत गेलं. आपण सगळ्यांनी ती बातमी कौतुकाने वाचली आणि बरोबरच केलं, कारण तिचं मत मोलाचं आहे. पण मग त्याच बाईचा ताप, तिचं धान्य, तिची पेन्शन? मतदानात "एका मताला खर्च किती येतो" असं विचारणं आपल्याला लाजिरवाणं वाटतं, आणि औषधाच्या बाबतीत मात्र तेच विचारणं हुशारीचं वाटतं, हे मला आजवर कुणी नीट समजावून सांगितलेलं नाही.

शिवाय खर्चाचा हिशेब मांडायचाच तर पूर्ण मांडा. कोयनेचा वीज प्रकल्प १,९६० मेगावॉटचा आहे. त्या विजेवर राज्याचे कारखाने चालले, मुंबई-पुण्याला दिवे लागले, आणि ज्यांच्या खाचरांवर ते पाणी उभं आहे त्यांच्या वाड्यांना वीज यायला मात्र कितीतरी वर्षं वाट बघावी लागली. शिवसागरच्या एका काठावरून दुसऱ्या काठावर जायला लाँच लागते कारण मधलं पाणी राज्याने आणून ठेवलंय, निसर्गाने नाही. २०२२ ला जावळीतल्या शाळकरी मुली स्वतः होडी वल्हवत धरण ओलांडून शाळेला जातात ही बातमी आली आणि मुंबई हायकोर्टाने स्वतःहून दखल घेतली. त्या मुलींसाठी सोय करणं हा उपकार कसा काय ठरतो? ज्याने रस्ता बुडवला त्याने बोट द्यायची, एवढाच तो प्रश्न आहे.

आणखी एक गोष्ट कुठल्याच हिशेबात धरली जात नाही. १८९६ च्या सप्टेंबरात मुंबईत प्लेग आला तेव्हा पुढच्या काही महिन्यांत शहरातली जवळपास निम्मी माणसं बाहेर पडली, ती कुठे गेली? कोकणात, घाटावर, आपापल्या गावी. १९८२ चा गिरणी संप झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार महिनोन्महिने बिनपगारी, कितीतरी घरं गावाकडे परतली आणि भात-नाचणीवर तगली. आणि मार्च २०२० तर आपण सगळ्यांनीच बघितला. मुंबईच्या खोल्यांमधून माणसं निघाली, मिळेल त्या गाडीने, नाहीतर चालत, आणि याच डोंगरातल्या गावांत येऊन पोचली. शाळांच्या इमारतींमध्ये त्यांना चौदा-चौदा दिवस ठेवलं, ज्या शाळांना आपण "पट नाही" म्हणून कुलूप लावायच्या गोष्टी करत होतो त्याच. म्हाताऱ्यांनी साठवलेलं धान्य काढलं. सव्वाशे वर्षांत तीनदा शहर कोलमडलं आणि तीनदा गावाने माणसं आत घेतली. ही गावं शहराची स्टेपनी आहेत, आणि तिच्यात हवा भरून ठेवायचं काम या उरलेल्या म्हातारी माणसांनी फुकट केलंय. घर शाकारणं, कौलं फेरणं, वाट साफ ठेवणं, विहिरीतला गाळ काढणं, यांतलं एक जरी काम थांबलं तर चार पावसाळ्यांत घर बसतं. अशी वेळ पुन्हा कधी येणारच नाही असं कोण छातीठोक सांगू शकतं? अर्थात शहराच्या उपयोगी पडतात म्हणूनच या लोकांना सोयी द्या असं माझं म्हणणं नाही, ती माणसं इथली नागरिक आहेत एवढं कारण पुरेसं आहे. पण जे फायद्या-तोट्याचीच भाषा बोलतात त्यांनी हाही फायदा खात्यावर धरावा.

दरडींचा मुद्दा मात्र वेगळा आहे आणि तिथे मी पूर्ण मान्य करतो की काही गावं हलवावीच लागतील. माळीण, ३० जुलै २०१४, दीडशेवर माणसं. तळीये, २२ जुलै २०२१, ऐंशीच्या वर. इर्शाळवाडी, १९ जुलै २०२३, रात्री झोपेत. या तीन तारखा माहीत असलेला कुठलाही माणूस "आमचा डोंगर आम्हाला सांभाळतो" असं म्हणणार नाही. मुळांचं, मातीचं प्रेम सांगून कुणाला कड्याखाली राहायला लावणं हे पाप आहे. पण या उदाहरणांवरून "छोटी गावं खाली आणा" असा जो निष्कर्ष काढला जातो तो मात्र चुकीचा आहे. गाव धोक्यात असतं ते वरचा उतार, माती, पाण्याच्या वाटा, झालेली खोदाई यांच्यामुळे, पट किंवा मतदारयादी लहान असल्यामुळे नाही. इर्शाळवाडी दरडप्रवण गावांच्या यादीतच नव्हती हे सरकारनेच नंतर सांगितलं. म्हणजे आधी नीट पाहणी करा, यादी खरी करा, आणि त्या यादीतल्या गावाला जागा, घर, शेत दाखवून हलवा, मग ते गाव पाच घरांचं असो नाहीतर पाचशे. धोक्याच्या नावाखाली गैरसोयीची गावं आवरून घेणं ही दुसरीच गोष्ट झाली आणि या वादात ती सर्रास चाललीय.

आणि खाली आणा म्हणणाऱ्यांनी एकदा खाली आणलेल्यांना भेटून यावं. कोयनेचे धरणग्रस्त हलले तेव्हा पुनर्वसनाचा कायदासुद्धा नव्हता, तो १९७६ चा. त्यांच्यातली कितीतरी कुटुंबं साठ वर्षांनंतरही हक्काच्या जमिनीसाठी कोयनानगरला आंदोलनाला बसली, आजोबांची फाईल नातू घेऊन फिरतोय. माळीणची नवी घरं २०१७ च्या एप्रिलमध्ये दिली आणि पहिल्याच पावसाळ्यात रस्ते खचले, भिंतींना भेगा गेल्या. तळीयेच्या लोकांनी कंटेनरमध्ये किती दिवस काढले ते महाडकरांना विचारा. हा इतिहास डोळ्यांसमोर असताना वरच्या वाडीतला म्हातारा "नको" म्हणतो तेव्हा त्याला अडाणी म्हणायचं? माझ्या मते तो पुरावा बघून बोलतोय.

बाहेरच्या देशांतही हे झालंय, आणि दोन्ही तऱ्हेने झालंय. स्कॉटलंडच्या पश्चिमेला समुद्रात सेंट किल्डा नावाची बेटं आहेत, १९३० साली तिथे फक्त ३६ माणसं उरली होती. त्यांनी स्वतः सह्या करून अर्ज दिला की आता इथे राहणं होत नाही, आम्हाला न्या, आणि त्याच वर्षी २९ ऑगस्टला सरकारने त्यांना हलवलं. त्याबद्दल हळहळ वाटते, पण निर्णय त्यांचा होता. उलट कॅनडातल्या न्यूफाउंडलंडमध्ये १९५४ ते १९७५ या काळात किनाऱ्यावरची तीनेकशे छोटी गावं उठवली, तीस हजारांच्या आसपास माणसं. काहींनी तर आपली लाकडी घरं तरंगवत समुद्रातून ओढून नेली. तिथे सुरुवातीला अट होती की सगळ्या घरांची संमती पाहिजे, मग ती ९० टक्क्यांवर आली, मग ८० वर. कागदावर सगळं ऐच्छिक, पण मास्तर गेला, दुकान गेलं, की उरलेल्यांनी राहायचं कशाच्या आधारावर? शेजारी शेजाऱ्याशी बोलेनासा झाला कारण एकाच्या नकारामुळे दुसऱ्याचे पैसे अडायचे. आपण सध्या नेमकी हीच चाल धरलीय, फरक इतकाच की ते निदान पैसे देत होते आणि विचारत होते.

तिसरा आक्षेप मला सगळ्यात जास्त विचार करायला लावतो. गावाबद्दल एवढा गळा काढायचा कशाला, तिथे काय सुखाचं होतं? बाबासाहेबांनी ४ नोव्हेंबर १९४८ ला घटना समितीत गावाबद्दल जे सांगितलं, की ते संकुचितपणाचं आणि अज्ञानाचं घर आहे, ते जातीचे चटके सोसलेल्या माणसाचं बोलणं होतं आणि ते आजही खोडता येत नाही. डोंगरातल्या गावातसुद्धा पाणवठा कुणाचा, देवळाच्या पायरीपर्यंत कोण येणार, हे ठरलेलं होतंच. आणि बायकांचं म्हणाल तर, नवरा मुंबईत, सासू-सासरे, पोरं, गुरं, शेत, लाकूडफाटा सगळं एकीवर. रत्नागिरी जिल्ह्यात २०११ ला हजार पुरुषांमागे १,१२२ बायका होत्या, त्यातून पुरुष कुठे गेले हे तर कळतंच, मागे काम कुणी ओढलं तेही कळतं. अशा घरातली मुलगी "मी मुंबईतच लग्न करीन" म्हणाली तर तिचं शंभर टक्के बरोबर आहे. कुणालाही गावात राहण्याची सक्ती नको, गाव सोडल्याचा दोषही नको. पण यातून निघतं काय? जायची मोकळीक हवी एवढं निघतं. जे मागे राहिले त्यांना उपाशी-तापाशी ठेवा असं त्यातून कसं निघेल? उलट सगळ्यात जास्त ओझं वाहिलेली तीच बाई आता सत्तरीत एकटी वर राहिलीय, आणि आपण तिला सांगतोय की तुझं गाव निकषात बसत नाही.

"गाव वाचवा" म्हणणाऱ्यांशीही माझं भांडण आहेच. त्यांच्यातल्या पुष्कळांना गाव हवंय ते सुट्टीसाठी. होमस्टे करा, ट्रेकर येतील, रोजगार होईल असं सांगतात, आणि काही ठिकाणी ते खरंही झालंय, बामणोली-तापोळ्याला बोटिंगवर घरं चालतात. पण बॅकवॉटरच्या काठाची जमीन बघता बघता बाहेरच्यांच्या नावावर चढली, आणि आता नवीन महाबळेश्वरच्या प्रकल्पात सव्वादोनशेहून जास्त गावं रस्ते विकास महामंडळाच्या नियोजनाखाली घातलीयत. तिथे रस्ता येईल, वीज चोवीस तास येईल, कदाचित दवाखानासुद्धा येईल. पण जी सोय तीस वर्षं गावकऱ्याला "परवडत नाही" होती ती रिसॉर्टला लगेच परवडते, याचा अर्थ पैसा हे कारण कधीच नव्हतं. आणि अशा तऱ्हेने वाचलेल्या गावात सकाळी चहा कोण देणार आणि तो बाल्कनीत बसून कोण पिणार हे कुणाला सांगायला नको.

शाळेबद्दल थोडं सविस्तर बोलायला पाहिजे, कारण तिथे समोरच्यांचं खरं आहे. तीन पोरांची शाळा ही चांगली शाळा नसते. एकच मास्तर चार इयत्ता शिकवतो, मधेच त्याला मीटिंग, सर्व्हे, निवडणुकीचं काम, आणि पोराला भांडायलासुद्धा आपल्या वयाचं कुणी नाही. समूह शाळेत खेळ, लायब्ररी, विषयवार शिक्षक मिळतील हे मान्य. पण क्रम काय? सहा वर्षांच्या पोराने भर पावसात ओढा ओलांडून जायचं नसेल तर आधी गाडी पाहिजे, गाडीला रस्ता पाहिजे, आणि जिथे तो होऊच शकत नाही तिथे निवासी सोय पाहिजे. शिक्षण हक्क कायद्याच्या नियमांत पाचवीपर्यंतची शाळा एक किलोमीटरच्या आत असं उगाच नाही लिहिलेलं. माझ्या मते चौथीपर्यंतची शाळा वस्तीच्या जवळ राहू द्यावी, पोरं दोन असली तरी, आणि पाचवीपासून चांगलं वसतिगृह द्यावं. आधी कुलूप आणि गाडीचं नंतर बघू, असं जिथे जिथे झालं तिथे मुलींची शाळा पहिली सुटली.

मग करायचं काय? फार मोठं काही नाही. रेशन, पेन्शन, औषध या तीन गोष्टी ठरल्या दिवशी वाडीवर पोचवायच्या, अंगठा उठला नाही तर वहीत सही घेऊन धान्य द्यायचं आणि तसं करणाऱ्या दुकानदारावर कारवाई करायची नाही. मोठी एसटी परवडत नसेल तर तिथल्याच पोराची वडापची जीप महामंडळाने ठरावीक भाड्याने लावावी, दिवसाला दोन फेऱ्या, बाकी काही नको. लाँच ही एसटीच आहे असं धरून तिचं वेळापत्रक असावं. गव्या-डुकरांनी खाल्लेल्या पिकाचे पैसे त्याच हंगामात मिळावेत, आणि चार-पाच घरांनी मिळून कुंपण घालायचं ठरवलं तर वनखात्याने आडवं येऊ नये. १६३० च्या दुष्काळानंतर पुणे-मावळचा मुलूख उजाड झाला होता, तेव्हा जमीन कसायला येणाऱ्याला इस्ताव्याचा कौल मिळायचा, पहिली वर्षं सारा जवळजवळ नाहीच, मग हळूहळू वाढत जाणारा. बखरीत श्वापदांचा उपद्रव मोडून काढल्याचंही सांगितलंय. आज श्वापदं मारा असं मी म्हणत नाही, पण साडेतीनशे-चारशे वर्षांपूर्वी ज्या राज्यकर्त्यांकडे ना जेसीबी होता ना बजेट, त्यांनाही एवढं कळत होतं की डोंगरातला माणूस टिकायचा तर पहिली काही वर्षं त्याच्याकडून वसूल करायचं नसतं, त्याला द्यायचं असतं.

आणि हे सगळं आत्ता बोलायचं कारण जनगणना. १ मार्च २०२७ ही तारीख धरून मोजणी होणार आहे. २००१ ते २०११ मध्ये रत्नागिरी १६ लाख ९७ हजारांवरून १६ लाख १५ हजारांवर आलं, सिंधुदुर्गही घटलं, तिकडे उत्तराखंडात पौडी आणि अल्मोडा घटले, आणि तेव्हापासून आजवर गावं किती रिकामी झाली हे वर जाऊन बघणाऱ्या कुणालाही दिसतं. नवे आकडे आले की कितीतरी वाड्या २५० च्या, १०० च्या रेषेखाली जातील. गणेशोत्सवात आणि यात्रेला उघडणारी घरं मोजणीच्या दिवशी कुलूपबंद म्हणून नोंदली जातील. मग प्रत्येक खातं तो आकडा समोर ठेवून सांगेल की बघा, माणसंच नाहीत. म्हणून निकष बदलायचे तर ते आकडे छापून यायच्या आधी बदलले पाहिजेत, लोकसंख्येच्या जागी अंतर आणि चालायला लागणारा वेळ धरून, आणि त्यासाठी जावळी-पाटणच्या, पोलादपूर-महाडच्या, भोर-वेल्ह्याच्या ग्रामसभांनी ठराव करून ते आत्ताच जिल्हा परिषदेला पाठवायला हवेत. मुंबईत राहणाऱ्या आपल्यासारख्यांनी त्या ग्रामसभेला जावं, गावकीच्या बैठकीत देवळाच्या कळसाच्या वर्गणीबरोबर हा विषयही घ्यावा, आणि ठरावावर सही करून मगच परतीची गाडी पकडावी.